यजमानपदाची हौस

९ ऑक्टोबर २०१७ रोजी, सोमवार असूनही, अर्ध्या दिवसाची किरकोळ रजा टाकून मी दुपारच्या शताब्दीने चंडीगडहून दिल्लीला गेलो होतो. सतरा वर्षांखालील मुलांच्या फुटबॉल विश्वचषकात भारताचा दुसरा सामना कोलंबियाशी होता. जवाहरलाल नेहरू स्टेडियमवर ८२ व्या मिनिटाला संजीव स्टालिनने कॉर्नर घेतला, जॅक्सन सिंगने उंच उडी घेऊन डोक्याने चेंडू जाळ्यात धाडला, आणि फिफाच्या कोणत्याही विश्वचषकातील भारताचा पहिला गोल नोंदला गेला. माझ्यासारखा, एरवी सभागृहात टाळीसुद्धा मोजून वाजवणारा माणूस खुर्चीवर चढून ओरडत होता हे कबूल केले पाहिजे. पुढच्याच मिनिटाला कोलंबियाने दुसरा गोल केला आणि आम्ही १-२ असे हरलो. अमेरिकेकडून ०-३ असा पराभव आधीच झाला होता, पुढे घानाकडून ०-४ असा व्हायचा होता. पण त्या एका मिनिटाचे ऋण मी मानतो, आणि म्हणूनच पुढील विवेचन फुटबॉलद्वेष्ट्याचे आहे असे कोणी समजू नये.

जॅक्सन सिंग आणि त्या संघाचा कर्णधार अमरजीत सिंग कियाम हे दोघे चुलतभाऊ. गाव मणिपूरच्या थौबल जिल्ह्यातील. पण ते घडले कोठे? अमरजीत चंडीगड प्रशासनाच्या फुटबॉल अकादमीत. जॅक्सनही आधी तेथेच, नंतर मिनर्व्हा या खासगी अकादमीत. निवृत्त लेफ्टनंट जनरल जे. एफ. आर. जेकब, म्हणजे १९७१ च्या ढाक्याच्या शरणागतीशी ज्यांचे नाव जोडलेले आहे तेच, पंजाबचे राज्यपाल आणि चंडीगडचे प्रशासक असताना ही सरकारी अकादमी सुरू झाली. निवास, भोजन, शाळा आणि प्रशिक्षक, एवढाच तिचा व्याप. आता लक्षात घ्या, २०१७ च्या विश्वचषकाची यजमान शहरे सहा होती: दिल्ली, कोलकाता, कोची, गुवाहाटी, मडगाव आणि नवी मुंबई. चंडीगड त्यात नव्हते. ज्या शहराने कर्णधार दिला आणि पहिला गोल करणारा दिला, त्या शहरात विश्वचषकाचा एकही सामना झाला नाही. मला यात अन्याय दिसत नाही. मला यात अर्थसंकल्पाचा एक धडा दिसतो, आणि तो आपण वाचायला तयार नाही ही माझी तक्रार आहे.

त्या स्पर्धेसाठी निवडलेल्या संघावर तीन-चार वर्षे खर्च झाला, परदेश दौरे झाले. मग एका सराव सामन्यात मिनर्व्हाच्या मुलांनी त्या राष्ट्रीय संघाला हरवले, आणि पोर्तुगीज प्रशिक्षक लुईस नॉर्टन द मातोस यांनी त्यातली काही मुले थेट संघात घेतली. जॅक्सन त्यांपैकीच एक. म्हणजे गोल विश्वचषकाच्या तयारीतून आला नाही, तयारीबाहेरून आला.

येथे एक कबुलीही देऊन टाकतो. काही वर्षांपूर्वी, दुसऱ्या एका पदावर असताना, एका मोठ्या क्रीडा सोहळ्याच्या यजमानपदाच्या प्रस्तावावर मी अनुकूल टिप्पणी लिहिली होती. सल्लागार संस्थेच्या अहवालात 'गुणक परिणामा'चा एक देखणा आकडा होता. गुंतवलेल्या प्रत्येक रुपयामागे स्थानिक अर्थव्यवस्थेत किती रुपये फिरतील, तो. अर्थशास्त्राचा एम.ए. असलेल्या माणसाने तो आकडा कोठून आला हे विचारायला हवे होते. मी विचारले नाही, कारण वरून घाई होती आणि विरोधी टिप्पणी लिहिणाऱ्यास 'नकारात्मक' हे विशेषण चिकटते. जो कुटुंबप्रमुख तिकिटावर, पाणीपुरीवर आणि रिक्षावर हजार रुपये खर्च करतो तो ते हजार रुपये आकाशातून आणत नाही. त्या महिन्याचे नाटक, हॉटेल किंवा कपडे यांतून ते वळवतो. गावातला पैसा गावातच एका खिशातून दुसऱ्या खिशात गेला, तर त्याला गुणक म्हणत नाहीत. हे पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यासही ठाऊक असते. मला ठाऊक असून मी लिहिले नाही. असो.

यजमानपद म्हणजे नेमके काय, हे उत्साहाच्या भरात कोणी वाचत नाही. ते एका मक्तेदार विक्रेत्याशी केलेले करारपत्र असते. विश्वचषक विकणारा जगात एकच आहे, घेणारे अनेक. अशा लिलावात जो जिंकतो तो बहुधा वस्तूच्या खऱ्या किमतीपेक्षा अधिक बोली लावून बसलेला असतो, म्हणूनच अर्थशास्त्रात त्यास 'विजेत्याचा शाप' म्हणतात. विक्रेत्याच्या अटी ठरलेल्या: शासनाची हमीपत्रे द्या, सीमाशुल्क आणि करांत सूट द्या, सुरक्षा तुमची, मैदान तुमचे. जाहिरातीचे आणि प्रक्षेपणाचे हक्क आमचे.

हे हवेतले बोलणे नव्हे. वस्तू व सेवा कराच्या सवलतींच्या यादीत सेवांच्या नोंदी आहेत. त्यात २०१७ साली फिफास आणि फिफाकडून त्या विश्वचषकासंबंधी दिल्या जाणाऱ्या सेवांना करमाफी देणारी नोंद आली. क्रीडा मंत्रालयातील संचालकाने प्रमाणपत्र द्यावे, एवढी अट. तिकिटांनाही माफी. पुढे मुलींच्या सतरा वर्षांखालील विश्वचषकासाठी तशीच नोंद आली, आणि करोनामुळे स्पर्धा पुढे गेल्यावर ती 'जेव्हा केव्हा होईल तेव्हा'साठी लागू राहील अशी शब्दयोजनाही झाली. आशियाई महिला चषकासाठी आणखी एक. आता याच काळात जालंधरकडे पाहा. चंडीगडहून तीन तासांच्या अंतरावर, फाळणीनंतर सियालकोटहून आलेल्या कारागिरांनी उभारलेला क्रीडासाहित्याचा उद्योग तेथे आहे. तेथे शिवलेला फुटबॉल एखाद्या शाळकरी मुलाने विकत घेतला तर त्यावर २०१७ पासून १२ टक्के कर होता. तो ५ टक्क्यांवर आला सप्टेंबर २०२५ मध्ये. ज्यूरिकच्या संस्थेस शून्य आणि थौबलच्या किंवा कोल्हापूरच्या पोरास बारा, ही आठ वर्षांची वस्तुस्थिती आहे. ती कोणी कटकारस्थानाने केली नाही. फिफाच्या मागे करारपत्र होते आणि पोराच्या मागे कोणी नव्हते, इतकेच.

कोणी म्हणेल, रकमा किरकोळ होत्या. मान्य. २०२२ च्या मुलींच्या विश्वचषकासाठी केंद्रीय मंत्रिमंडळाने १४ सप्टेंबर २०२२ रोजी हमीपत्रांवर स्वाक्षरीस मान्यता दिली आणि मैदानाची देखभाल, वीज, सजावट इत्यादींसाठी १० कोटी रुपयांचे साहाय्य मंजूर केले. केंद्राच्या हिशेबात दहा कोटी म्हणजे टाचणीचे टोक. पण किंमत केवळ रुपयांत मोजायची नसते. त्या वर्षीचा घटनाक्रम पाहा. अखिल भारतीय फुटबॉल महासंघाच्या निवडणुका मुदत संपूनही झाल्या नव्हत्या. मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रशासकांची समिती नेमली. ऑगस्टच्या मध्यास फिफाने 'त्रयस्थांचा हस्तक्षेप' म्हणून महासंघास निलंबित केले, आणि ऑक्टोबरमधील स्पर्धा ठरल्याप्रमाणे भारतात होऊ शकणार नाही असे कळविले. २२ ऑगस्टला समितीचे काम संपुष्टात आले, २६ ऑगस्टला निलंबन उठले. न्यायालयाच्या आदेशावर भाष्य करण्याचा मला अधिकार नाही आणि इच्छाही नाही. मी फक्त तारखा मांडतो. घरात दुरुस्ती काढली होती आणि पाहुण्यांची तारीख सात आठवड्यांवर होती. अशा वेळी दुरुस्तीचे काय होते हे ज्याने ज्याने घरात लग्न काढले आहे त्यास सांगावे लागत नाही. महासंघाच्या नव्या घटनेवर न्यायालयाची मोहोर उमटण्यास त्यानंतर सप्टेंबर २०२५ उजाडावे लागले.

आणि स्पर्धा? आमच्या मुलींनी तीन सामने खेळले: अमेरिकेकडून ०-८, मोरोक्कोकडून ०-३, ब्राझीलकडून ०-५. सोळा गोल झाले, एकही करता आला नाही. यजमान म्हणून आपोआप मिळालेल्या जागेवर त्या पोरींना आपण उभे केले आणि जगास दाखविले. त्याच वर्षी जानेवारीत आशियाई महिला चषक मुंबई, नवी मुंबई आणि पुण्यात भरला होता. इराणशी बरोबरी झाल्यानंतर करोनाने भारतीय संघातील इतक्या खेळाडूंना गाठले की दुसऱ्या सामन्यास संघच उतरू शकला नाही आणि यजमान स्पर्धेबाहेर गेले. स्पर्धा मात्र चालूच राहिली. ६ फेब्रुवारीस नवी मुंबईत चीनने कोरियास ३-२ असे हरवून चषक नेला. नवरदेवाविना लग्न लागले, मांडव आमचा होता. याउलट जुलै २०२५ मध्ये भारताच्या महिला संघाने थायलंडला त्यांच्याच भूमीवर २-१ असे हरवून पुढच्या आशियाई चषकात स्वबळावर प्रवेश मिळविला. त्या रात्री कोणत्याही शहरात कमानी उभारल्या गेल्या नाहीत.

फुटबॉलवेड्या देशाने यजमानपद घेतले तर तरी चांगले होईल, आपण क्रिकेटवाले म्हणून फसतो, असा एक युक्तिवाद असतो. त्यासाठी ब्राझीलकडे पाहावे, आणि चंडीगडमध्ये राहणाऱ्याने तर ब्राझिलियाकडे पाहावे. ही दोन शहरे नात्यातली आहेत. दोन्ही नव्याने आखलेली, दोन्ही काँक्रीटच्या सौंदर्यावर विश्वास ठेवणारी. ब्राझिलियाचे वास्तुकार ऑस्कर नीमायर यांनी तरुणपणी ल कॉर्ब्युझिए यांच्यासमवेत काम केलेले. २०१४ च्या विश्वचषकासाठी ब्राझिलियात गारिंचाच्या नावाचे जुने मैदान पाडून सुमारे ७२,००० आसनांचे नवे स्टेडियम उभारले गेले. शहरात पहिल्या श्रेणीत खेळणारा एकही क्लब नव्हता. खर्च मूळ अंदाजाच्या कितीतरी पट झाला. स्पर्धा संपल्यावर त्या आवारात शहर बसगाड्या उभ्या करू लागले, आणि भाडे वाचावे म्हणून काही सरकारी कार्यालयेच स्टेडियममध्ये हलविली गेली. प्रेक्षकांच्या आसनांखाली नस्त्या! २०१७ मध्ये बांधकामातील गैरव्यवहाराच्या तपासात दोन माजी गव्हर्नरांना अटकही झाली. जून २०१३ मध्ये ब्राझीलमध्ये लाखो लोक रस्त्यावर आले ते मुळात बसभाड्यातील वीस सेंटाव्होंच्या वाढीवरून. पण फलकांवर लिहिलेले होते की आम्हाला रुग्णालये आणि शाळाही 'फिफा दर्जाच्या' हव्यात. फुटबॉलवर जगात सर्वाधिक प्रेम करणाऱ्यांनी हे लिहिले, हे विसरू नये. पुढे जर्मनीने त्यांना त्यांच्याच मैदानावर ७-१ ने हरविले, तो भाग वेगळा.

आपल्याकडे स्वतंत्र पुरावा हवा असल्यास २०१० च्या राष्ट्रकुल क्रीडास्पर्धा आहेत. प्रारंभीचा अंदाज सुमारे १,२०० कोटींचा. महालेखापरीक्षकांच्या २०११ च्या अहवालात आकडा १८,५३२ कोटी. त्या अहवालावर इतके लिहिले गेले आहे की मी भर घालत नाही.

आता न्यायाने दुसरी बाजू. २०१७ च्या स्पर्धेस १३,४७,१३३ प्रेक्षक आले, सतरा वर्षांखालील विश्वचषकाचा तो उच्चांक होता. १९८५ च्या चीनमधील स्पर्धेचा विक्रम मोडला. हा आनंद खोटा नव्हता, मी त्या गर्दीतला एक होतो. त्या संघातील मुले एकत्र राहावीत म्हणून 'इंडियन ॲरोज' नावाने त्यांना आय-लीगमध्ये खेळविण्यात आले, हेही योग्य झाले. पण २०२२ मध्ये तो संघ बंद करण्यात आला. वारसा, वारसा म्हणून ज्याचा घोष झाला त्याचे आयुष्य पाच वर्षे. जानेवारी २०२४ मध्ये कतारमध्ये झालेल्या आशियाई चषकात भारताचा पुरुष संघ तिन्ही सामने हरला, एकही गोल न करता. ऑक्टोबर २०२५ मध्ये मडगावला, म्हणजे विश्वचषकाच्या त्याच यजमान शहरात, सिंगापूरने आपल्याला हरविले आणि २०२७ च्या आशियाई चषकाचे दार बंद झाले. २०२५ च्या हिवाळ्यात तर व्यापारी हक्कांच्या कराराच्या घोळात देशातील पहिल्या श्रेणीची लीगच वेळेवर सुरू होऊ शकली नाही. घरचे झाले थोडे आणि व्याह्याने धाडले घोडे, अशी म्हण आहे. आपण व्याह्याकडे घोडे मागायला स्वतः जातो.

का जातो? याचे उत्तर राजकारण्यांच्या हौसेत शोधण्याची आपली सवय आहे. मी ते लेखाशीर्षांत शोधतो. शासनात अनावर्ती खर्चास मान्यता मिळविणे सोपे आणि आवर्ती खर्चास महाकठीण असते. स्टेडियमला एकदा पैसे द्यायचे, कोनशिला बसवायची, फीत कापायची, उपयोगिता प्रमाणपत्र जोडून नस्ती बंद करायची. प्रशिक्षकाचे एक पद निर्माण करायचे म्हटले की वित्त विभाग विचारतो, निवृत्तिवेतनाचे काय, पुढच्या वेतन आयोगाचे काय, कंत्राटी का नको. कंत्राटी ठेवले की तो मुलांना ओळखू लागेपर्यंत कंत्राट संपते. गवत रोज कापावे लागते, मुलास रोज दूध आणि अंडी लागतात, आणि 'रोज' या शब्दासाठी आपल्या अर्थसंकल्पात आस्था नाही. १५ सप्टेंबर २०१७ रोजी महाराष्ट्रात एका दिवशी दहा लाख मुलांनी फुटबॉल खेळावा असा उपक्रम झाला, शाळांना चेंडू वाटले गेले. उपक्रम सुंदर होता. १६ सप्टेंबरसाठी मात्र कोणतेही लेखाशीर्ष नव्हते.

त्याच विश्वचषकात महाराष्ट्राचा एक मुलगा खेळला, कोल्हापूरचा अनिकेत जाधव. रिक्षाचालकाचा मुलगा, घडला पुण्यात, राज्य शासनाच्या क्रीडा प्रबोधिनीत. पुन्हा तेच: वसतिगृह, जेवण, शाळा, प्रशिक्षक. चंडीगडचे अमरजीत-जॅक्सन आणि पुण्याचा अनिकेत एकाच प्रकारच्या, कंटाळवाण्या, फीत न कापता येणाऱ्या सरकारी खर्चातून आले. सरकारला खेळ कळत नाही असे म्हणणाऱ्यांस हे माझे उत्तर आहे. सरकारला तो कळतो, फक्त जे कळते त्यावर ते लोभावत नाही.

आणि कोल्हापूर तरी काय यजमानपदामुळे फुटबॉलवेडे झाले? पाटाकडील, खंडोबा, दिलबहार, बालगोपाल या तालमी. कुस्तीच्या तालमींनी फुटबॉलचे संघ उभे केले असे उदाहरण मला भारतात दुसरीकडे आढळलेले नाही. शाहू स्टेडियमवर पेठांचे सामने असले की शहराचे व्यवहार मंदावतात. हुल्लडबाजीही होते, पोलीस वैतागतात, हे मी लपवीत नाही. पण तेथील खेळ कोणाच्या हमीपत्रावर चालत नाही. मुंबईत १८९१ पासून रोव्हर्स चषक होता, देशातील सर्वांत जुन्या स्पर्धांपैकी एक. हैदराबाद पोलिसांनी १९५० ते १९५४ सलग पाच वेळा तो जिंकला तेव्हा कूपरेजवर काय गर्दी होई, हे माझ्या वडिलांच्या पिढीने सांगितलेले आहे. या शतकाच्या आरंभी तो बंद पडला. शतकाहून अधिक काळ चाललेली स्वतःची स्पर्धा राखता आली नाही, त्याच महानगराच्या खाडीपलीकडे आपण दुसऱ्यांच्या स्पर्धांचे अंतिम सामने भरवितो. महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्या आपल्यासारख्यांना या गोष्टी कदाचित अधिक बोचतात. दूर राहिले की घराची कौले दिसतात, रोषणाई दिसत नाही.

डिसेंबर २०२२ मध्ये महासंघाने २०२७ च्या आशियाई चषकाच्या यजमानपदाची बोली मागे घेतली, मोठ्या स्पर्धा भरविणे हे सध्याच्या धोरणात बसत नाही असे कारण देऊन. इतके शहाणपणाचे वाक्य भारतीय क्रीडा प्रशासनात मी क्वचित वाचले आहे. मी ते कापून ठेवले. २०२५ मध्ये २०३१ च्या स्पर्धेसाठी इच्छुक देशांच्या यादीत भारताचे नाव पुन्हा आले, आणि त्याच वर्षी २०३० च्या राष्ट्रकुल स्पर्धा अहमदाबादला मिळाल्या.

चंडीगडच्या आराखड्यात प्रत्येक सेक्टरच्या मधून हिरवा पट्टा जातो, शाळा त्याच्या कडेला येते, मुलाने रस्ता न ओलांडता खेळायला जावे अशी कल्पना. मी राहतो तेथील पट्ट्यातील उद्यानात एक फलक आहे: चेंडू खेळण्यास मनाई. संध्याकाळी फेरफटका मारताना मी तो रोज वाचतो. मुले दोन विटांचा गोल मांडून त्याच्याच आडोशाने खेळतात आणि माळी आला की पळतात.

गेल्या महिन्यात एका सोहळ्याच्या यजमानपदाचा प्रस्ताव अभिप्रायार्थ माझ्याकडे आला. कोणता, हे लिहिणे नियमांत बसत नाही. या वेळी मी टिप्पणीत विचारले की सोहळा संपल्यानंतरच्या दहा वर्षांचा देखभाल खर्च कोणत्या लेखाशीर्षातून होणार आहे, गुणकाचा आकडा कोणत्या पाहणीतून काढला आहे, आणि या रकमेत निवासी अकादमीची किती मुले किती वर्षे पोसता येतील. नस्ती परत गेली. सल्लागार संस्थेने मुदतवाढ मागितली आहे.